इरास्मियाचं सिनेमातलं लग्न

“तो पाद्री खरा होता की नाही, एवढंच सांग,” सासूबाई म्हणाल्या.

“खरा होता, आई. किती वेळा सांगू?” इरास्मिया म्हणाली.

“आणि पुस्तक?”

“पुस्तकही खरंच.”

“आणि मुकुट आपल्या अंथीचे. देवळात आशीर्वाद मिळालेले.” माझ्याकडे मान वळवत सासूबाईंनी ताटातला पांढरा घेवडा बोटाने इकडचा तिकडे केला आणि एक खडा बाजूला काढला. “मग त्यात खोटं होतं तरी काय? नवरा?”

“नवराही खराच माणूस आहे,” माझा नवरा पांडेलिस दारातून म्हणाला. तो नुकताच वखारीतून आला होता आणि कोळशाचे हात धुवायला पाणी मागत होता. “मिशी तेवढी चिकटवलेली होती.”

इरास्मियाने भाऊ, आई आणि मी अशा तिघांकडे बघितलं. मग ती उठली आणि फडताळातल्या बश्या काढून पुन्हा लावू लागली. माझी नणंद चिडली की भांडी आपटत नसे, आवरायला घेत असे. त्या उपासाच्या दिवसांत आमचं घर इतकं आवरलेलं होतं की मला हवी ती वस्तू कधीच सापडत नसे.

कार्निव्हल संपून ईस्टरचे उपास लागले तेव्हापासून हे रोज चाललं होतं. इरास्मियाचं लग्न थ्रासोसशी ठरलेलं होतं. थ्रासोस पिरेअसच्या जकात नाक्यावर कामाला होता. सरळ मुलगा, थोडा भित्रा, बोलताना टोपी हातात फिरवणारा. ईस्टरनंतरच्या रविवारी लग्न करायचं, लग्नाला अशुभ असा मे महिना लागायच्या आत, असं दोन्ही घरांनी मिळून ठरवलं होतं. चादरींवरचं भरतकाम झालं होतं. आणि कार्निव्हलच्या शेवटच्या आठवड्यात थ्रासोसची आई उरानियाबाई होणाऱ्या सुनेचा सिनेमा बघायला म्हणून थिएटरात गेल्या.

तो सिनेमा आता कुठेच नाही. एकच प्रत होती, ती गावोगाव फिरून ओरखडली आणि शेवटी जुनी फिल्म वितळवून कंगवे करणाऱ्या कुणाकडे तरी गेली असं ऐकलं. त्यामुळे इरास्मिया पडद्यावर कशी दिसायची हे आता माझ्यासारख्यांनी सांगितलं तरच कळणार. आणि सांगणाऱ्याचं कोण ऐकतं.

ती एर्मू रस्त्यावरच्या एका दुकानात हॅटना फुलं आणि पिसं लावायचं काम करायची. सासरे गेले तेव्हा ती शाळेतून निघाली ती थेट त्या दुकानातच बसली. नक्कल करण्यात हुशार. गिऱ्हाईक बाई आरशासमोर हनुवटी कशी वर करते, पसंत नसलेली हॅट हातात कशी धरते, हे ती जेवताना करून दाखवायची आणि सासूबाई ओठ दाबून हसायच्या. मेलेटिस नावाचा एक डायरेक्टर त्या दुकानात चार हॅटा उसन्या मागायला आला होता. त्याला हॅटा मिळाल्या नाहीत, इरास्मिया मिळाली. आधी तिला नायिकेची मैत्रीण करायचं होतं. पण नायिका नाटकातली होती, तिने खेचरावर बसायला नकार दिला आणि ती निघून गेली. मग धनगराची नवरी इरास्मियाच झाली.

काम फक्त रविवारी चाले, कारण कॅमेरावाला इतर दिवशी फोटो स्टुडिओत नोकरीला होता. ऊन असेल तर काम, ढग आला की सगळे दगडांवर बसून राहत. त्या फिल्मवर लाल रंग काळा उमटायचा म्हणून तिच्या तोंडाला पिवळट लेप लावत. तो पुसायला तेल नसलं की ती तशीच ट्रामने घरी यायची. एकदा कंडक्टरने तिला विचारलं, ताई, कावीळ झाली का? ती म्हणाली, नाही, धनगराशी लग्न झालंय. तेव्हा आम्ही सगळे हसलो होतो. सासूबाईसुद्धा.

लग्नाचा प्रसंग इमितोसच्या डोंगरामागच्या एका खेड्यात घ्यायचा होता. मेलेटिसने आणलेले कागदी मुकुट बघून इरास्मिया म्हणाली होती, हे केकवर ठेवायचे दिसतात. आदल्या दिवशी तिने माझे लग्नातले मागितले आणि मी दिले. आमच्या पलंगावरच्या काचेच्या पेटीतून, देवाच्या तसबिरीशेजारून मीच काढून दिले. मेणाच्या कळ्या, मधून पांढरी फीत. मला त्यात काही वाटलं नाही. लग्नाला सात वर्षं झाल्यावर त्या पेटीवरची धूळ पुसण्यापलीकडे बाई त्या मुकुटांचं काय करते?

पाद्र्याचं काम करणारा नट त्या रविवारी आलाच नाही. ऊन उतरायला लागलं होतं. गावातले लोक गोळा झाले होते आणि त्यांच्यात गावचे पाद्री अकाकिओस उभे होते. सकाळची प्रार्थना आटोपून गंमत बघायला आलेले. मेलेटिसने त्यांनाच गळ घातली. नुसतं उभं राहा, ओठ हलवा, आवाज कुठे ऐकू येणार आहे? म्हातारा हो म्हणाला. घरी जाऊन गळ्यातला पट्टा घालून आला, पुस्तक घेऊन आला.

पण त्याला नुसते ओठ हलवता येईनात. पुस्तक उघडलं की तो वाचणार, आणि वाचणार ते पहिल्यापासून. झिसिस म्हणजे नवरदेव, आठवडाभर न्हाव्याच्या दुकानात दाढ्या करणारा, त्याच्या आणि इरास्मियाच्या डोक्यावर म्हाताऱ्याने मुकुट ठेवले, तीनदा इकडचे तिकडे केले, एकाच पेल्यातून दोघांना वाईन पाजली आणि हात धरून टेबलाभोवती फिरवलं. गावातल्या बायकांनी तांदूळ टाकले.

एक गोष्ट घरात फक्त मला माहीत होती, कारण इरास्मियाने ती मलाच सांगितली होती. मेलेटिसने फिल्म वाचवायला कॅमेरा मधेच थांबवला होता.

“पेल्यापर्यंतच घेतलं त्याने, वहिनी,” ती म्हणाली होती. “पुढे कॅमेरा बंदच होता. पण म्हाताऱ्याला अर्ध्या प्रार्थनेत थांबवणार कोण? मी आणि झिसिस उगाचच शेवटपर्यंत उभे राहिलो. माझ्या हातमोज्यावर मेणबत्तीचं मेण गळत होतं.”

ते मेण पडद्यावर दिसतं. म्हणजे दिसायचं. थिएटरात पियानो आणि व्हायोलिन वाजत होतं, आजूबाजूचे लोक भोपळ्याच्या बिया फोडत होते, आणि पडद्याएवढ्या चेहऱ्याची इरास्मिया पाद्र्याकडे नाही, नवऱ्याकडे नाही, हातमोज्यावरच्या मेणाकडे बघते. डाग पडला म्हणून वैतागलेली. मी तिला रोज स्वयंपाकघरात बघत होते, तरी त्या क्षणी मला वाटलं, ही बाई मला माहीतच नाही. सगळी नवरी त्या एका बघण्यात होती. बाकीचा सिनेमा मेंढ्या आणि मिश्या.

पण माझ्या शेजारी बसलेल्या उरानियाबाईंनी मेण बघितलं नाही. त्यांनी पाद्री बघितला. त्या त्याच खेड्यात जन्मलेल्या, त्यांच्या बहिणीचं लग्न याच पाद्र्यांनी लावलेलं. समोर मुकुट तीनदा फिरताना पुढच्या रांगेतल्या दोन बायकांनी छातीवर क्रूस काढला आणि उरानियाबाई उठून उभ्या राहिल्या. मागचे ओरडले, बाई, खाली बसा. त्या बसल्या नाहीत. बाहेर गेल्या. थ्रासोस बियांची पुडी हातात घेऊन त्यांच्या मागोमाग गेला.

चार दिवसांनी त्या आमच्याकडे आल्या. कॉफी घेतली नाही, म्हणजे भांडायलाच आल्या होत्या. त्यांनी खेड्यात चौकशी करून ठेवली होती. पाद्री अकाकिओसनी सगळं पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचलं, हे गावच सांगत होतं.

“विहीणबाई, राग मानू नका,” त्या सासूबाईंना म्हणाल्या. “पण माझा मुलगा दुसऱ्याच्या बायकोशी लग्न करणार नाही.”

तेव्हापासून हे सुरू झालं. बेकरीवालीचं मत, बिशपची परवानगी नव्हती म्हणून लग्न झालंच नाही. खालच्या मजल्यावरच्या म्हातारीचं मत, देवाला बिशपची परवानगी लागत नाही. पांडेलिसला वेगळीच काळजी, आपले मुकुट दुसऱ्या जोडप्याच्या डोक्यावर गेले, तर आपलं काय? मी म्हटलं, आपलं आहे तसंच आहे, पाणी गार होतंय, हात धुवा. सासूबाई म्हणत, तसं असेल तर आधी त्या न्हाव्यापासून काडीमोड घेऊ आणि मग लग्न करू. यावर पांडेलिस म्हणाला की लोक एका बहिणीचं एक लग्न लावताना मेटाकुटीला येतात, मला हिचं एक मोडून दुसरं लावायचंय, आणि मोडायचं ते झालंय की नाही हेच कुणाला माहीत नाही.

इरास्मियाला कुणीच काही विचारत नव्हतं. तिला जे सांगायचं होतं ते तिने एकदाच सांगून टाकलं होतं आणि ते कुणाच्या कानात शिरलं नव्हतं. मेलेटिसने तिला दुसऱ्या सिनेमात घेतलं होतं. यात मेंढ्या नव्हत्या. खाल्किदाच्या बंदरावर खानावळ चालवणाऱ्या विधवेची गोष्ट होती, अख्खी तिच्यावर, आणि या वेळी पोस्टरवर नाव देणार होते. पहिल्याच्या पोस्टरवर फक्त बापाचं काम केलेल्या नाटकवाल्याचं नाव होतं, खाली ‘आणि इतर’. ते पोस्टर आमच्या गल्लीच्या तोंडाशी चिकटवलेलं होतं आणि कामावर जाता येता ती त्याच्याकडे न बघता जायची. काम ईस्टरनंतरच्या आठवड्यात सुरू व्हायचं होतं. तिला ते करायचं होतं. बाकी तिला थ्रासोसही चालत होता, लग्नही चालत होतं.

आम्ही चौघं मिळून त्या खेड्यात गेलो. पाद्र्याची बायको ओट्यावर रानभाजी निवडत बसली होती. आम्हाला बघून तिने आत जायची वाट अडवली, पण म्हातारा स्वतःच बाहेर आला. पांडेलिसने हात जोडून सांगितलं की तुम्ही फक्त म्हणा, ते खोटं होतं. म्हाताऱ्याने दाढी कुरवाळली. खोटं होतं म्हटलं तर पवित्र विधीची थट्टा केली म्हणून त्याचा झगा जाणार होता. खरं होतं म्हटलं तर परवान्याशिवाय लग्न लावलं म्हणून तोच झगा जाणार होता.

“मी वाचलं ते वाचलं,” तो म्हणाला. “देवाचं पुस्तक खोटं कसं वाचतात ते मला माहीत नाही, बाळा. तुम्ही अथेन्सवाल्यांनी शिकवलं असतं तर बरं झालं असतं.”

एवढं बोलून तो आत गेला. त्याच्या बायकोने निवडलेल्या भाजीचा अर्धा वाटा सासूबाईंच्या रुमालात घातला आणि म्हणाली, आता परत येऊ नका. उतरणीवर सासूबाई रस्ताभर त्या भाजीलाच शिव्या देत आल्या.

मग बिशपची कचेरी. तिथल्या कारकुनाने शांतपणे ऐकून घेतलं. लग्नच झालं नाही तर काडीमोड कसला? पण मग थट्टा झाली. थट्टा झाली असेल तर मुलीने बायबलवर हात ठेवून तसं कबूल करावं, पश्चात्ताप करावा आणि पुन्हा कधी कॅमेऱ्यासमोर उभी राहणार नाही अशी शपथ घ्यावी. मग ती लग्नाला मोकळी. पांडेलिसला हायसं वाटलं. सासूबाईंना तर रडूच आलं. एवढ्या दिवसांत कुणीतरी पहिल्यांदा स्पष्ट काहीतरी सांगितलं होतं. इरास्मियाने विचारलं की लग्नानंतर नवऱ्याची परवानगी असली तर चालेल का? कारकून म्हणाला, ते मला सांगता येणार नाही, शपथ ती शपथ.

ट्राममध्ये ती माझ्या शेजारी बसली होती. ती म्हणाली, “बघ वहिनी, मला मोकळं करायची किंमत म्हणजे मला बांधून टाकणं.”

त्या शुक्रवारी संध्याकाळी देवळातून येताना थ्रासोस आमच्याबरोबर घरापर्यंत आला. उरानियाबाईंना शपथेचं कळलं होतं आणि त्या तयार होत्या. पाम संडेच्या, म्हणजे ईस्टरच्या आधीच्या रविवारच्या आत हो की नाही कळवा, असा निरोप होता. जिन्याखाली त्याने टोपी हातात फिरवत इरास्मियाला सांगितलं की आई तशी मनाने वाईट नाही. सिनेमा त्यालाही आवडला होता, खरंच. पण शपथ घेण्यात तिचं असं काय जाणार आहे?

“रविवारचाच तर प्रश्न आहे,” तो म्हणाला. “रविवारी आपण माझ्या आईकडे जाऊ.”

तो वाईट बोलला नाही. उलट मऊपणाने बोलला, म्हणून तर ते इतकं लागलं. इरास्मिया वर आली आणि धुतलेल्या कपड्यांच्या पुन्हा घड्या घालू लागली.

दुसऱ्या दिवशी झिसिस आला. मिशीशिवाय मी त्याला ओळखलंच नाही. उपासाचा हलवा घेऊन माफी मागायला आला होता. पांडेलिस त्याच्या अंगावर जाईल असं मला वाटलं, पण तो नुसताच खुर्चीत बसला आणि त्याने झिसिसला विचारलं की तुझी आई कुठे असते, घर भाड्याचं की स्वतःचं. सासूबाईंनी हलवा कापून बशीत ठेवला. मला कळेना हे काय चाललंय, मग कळलं. थ्रासोस फिसकटला तर हा, असा हिशोब दोघांनी मनात करून टाकला होता. झिसिसही बिचारा सगळ्याला मान डोलवत होता. मला काय, मी मोकळाच आहे, म्हणाला, तुम्ही म्हणाल तसं. इरास्मियाकडे बघून त्याने हेही सांगितलं की ती बरी नटी आहे, तो स्वतः मात्र पुन्हा कॅमेऱ्यासमोर जाणार नाही, दाढी करणं बरं.

त्याला सोडायला ती दारापर्यंत गेली. मी तिथेच उंबरा झाडत होते.

“तुला एक विचारायचंय,” ती त्याला म्हणाली. “मी कामासाठी खाल्किदाला गेले तर तुझी काही हरकत आहे का?”

झिसिस गोंधळला. “माझी? मी कोण हरकत घेणारा?”

“नाही, पण आहे का?”

“नाही.”

“बरं,” ती म्हणाली आणि दार लावून घेतलं.

पाम संडेला उपासात मासा चालतो, म्हणून मी खारवलेला कॉड आदल्या दिवसापासून भिजत घातला होता. देवळातून आणलेल्या तमालपत्राच्या डहाळ्या देवाच्या तसबिरीपाशी खोचल्या होत्या. पांडेलिसने नवा सदरा घातला होता, कारण जेवण झालं की तो उरानियाबाईंकडे निरोप घेऊन जाणार होता. काय निरोप ते त्याच्या मते ठरलेलंच होतं. सासूबाई म्हणत होत्या की शपथ गुरुवारी घ्यावी की ईस्टर झाल्यावर, हे कारकुनाला विचारायचं राहूनच गेलं. पांडेलिस म्हणाला, गुरुवारी कचेरी बंद असेल. सासूबाई म्हणाल्या, देवाची कचेरी कशी बंद असेल?

इरास्मिया लसणाची चटणी कुटत होती. तिने ती वाडग्यात काढली, टेबलाच्या मधोमध ठेवली, हात पुसले आणि उभ्यानेच बोलली. आवाज जराही चढला नाही.

“आई, दादा, मी शपथ घेणार नाही. थ्रासोसची अंगठी मी वहिनीकडे दिलीय. दादा, आज जाशील तेव्हा ती घेऊन जा. त्याला सांग, माझा राग नाही.”

पांडेलिसने माझ्याकडे बघितलं. अंगठी माझ्या एप्रनच्या खिशात होती.

“आणि मग तू काय करणार?” सासूबाईंनी विचारलं. “न्हाव्याशी देवळात लग्न?”

“ते झालंय ना? उरानियाबाई म्हणतात झालंय, तूही रोज तेच म्हणतेस. पाद्री म्हणतो, वाचलं ते वाचलं. मी एकटीच नाही म्हणत होते, आता मीही म्हणत नाही. झालं तर झालं. मग मी लग्न झालेली बाई आहे. लग्न झालेल्या बाईला भावाची परवानगी लागत नाही, आईचीही नाही. नवऱ्याला मी विचारलं, अंथीवहिनीच्या समोर विचारलं. त्याची हरकत नाही.”

पांडेलिसने नव्या सदऱ्याची वरची गुंडी सोडली. इतके दिवस तो जे बोलत होता ते सगळं ती त्याच्याच बशीत वाढत होती.

“विधवा मी खाल्किदात होणार आहे,” ती म्हणाली. “ईस्टरनंतरच्या मंगळवारी, सकाळच्या गाडीने. दुकानात सांगून झालंय. ईस्टरच्या अंड्यांसाठी लाल रंग मी उद्या येताना आणते. मासा गार होतोय, जेवा.”